मेंदीच्या हातानं मोजलेला उजेड

"एक ना धड, भाराभर चिंध्या," असं माझ्या सासूबाई मला तोंडावर म्हणतात, आणि मला त्याचा राग येत नाही. राग येतो तो हेच इंग्रजीत, गोड हसून, पाठीमागे म्हणणाऱ्यांचा. मी शिकायला म्हणून ऑकलंडला आले तेव्हापासून काय काय केलं त्याची यादी खरोखरच लांब आहे. कॅमेरे भाड्यानं देणाऱ्या दुकानात भिंगं पुसली. शनिवार-रविवारी लोकांची लग्नं शूट केली. मंडळाच्या गणपतीसाठी दोन नाटुकली लिहिली, त्यातलं एक बसवलं, आणि मावशीच्या कामाला कुणी मिळेना म्हणून ती मावशीही मीच झाले. नाशिकहून सासूबाई पहिल्यांदा आमच्या सँडरिंगहॅमच्या घरी राहायला आल्या, तेव्हा त्यांनी माझ्या आठ वर्षांच्या लेकीला विचारलं, तुझी आई नक्की काय करते गं? लेकीला मराठी सगळं कळतं, पण उत्तर मराठीत द्यायचं नाही असा तिचा पण आहे. ती म्हणाली, "शी डझ हीप्स, आजी." हीप्स म्हणजे ढीगभर, हा अर्थ सासूबाईंनी मुलाकडून समजून घेतला आणि मग ती चिंध्यांची म्हण काढली.

आता चिंध्यांचीच गोधडी होते, हे नाशिकच्या बाईला मी काय सांगणार? पण हे उत्तर मला आपणहून सुचलेलं नाही. त्यासाठी एक फ्रेंच म्हातारा भेटावा लागला.

त्यांना मी नावानंच हाक मारायची. इथे सगळेच तसं करतात, पंच्याहत्तरीच्या माणसालाही. पण मनात मी मराठीतच विचार करते, आणि तिथे ते माझ्यासाठी 'म्हातारबुवा' होते, अहो-जाहोसकट. मी दुकानात कामाला लागून वर्ष झालं होतं तेव्हा ते एक भिंग परत करायला आले. ते मी पुसून ठेवलं होतं आणि त्यांनी वापरून धूळ लावून आणलं होतं, म्हणून मी त्यांना चार शब्द सुनावले. त्यांनी ऐकून घेतलं आणि विचारलं, पुढच्या आठवड्यात मोकळी आहेस का? तिथून पुढे आठ वर्षं मी त्यांची सहायक होते.

त्यांची कारकीर्द सांगायची तर सरळ रेषेत सांगताच येत नाही. फ्रान्समधल्या एका कापडगिरणीच्या गावात जन्मले. विशीत एका नामांकित छायाचित्रकाराच्या हाताखाली लागले. तो छायाचित्रकार एका चित्रपटाच्या ऐन मध्यावर तापानं आडवा झाला, आणि उरलेला चित्रपट या पोरसवदा सहायकानं शूट केला. पडद्यावर नाव फक्त गुरूचं आलं. चित्रपटाला मोठं बक्षीस मिळालं, तेव्हा गुरूनं व्यासपीठावरून आपल्या डॉक्टरचे आभार मानले, याचे मानले नाहीत. म्हातारबुवा ही गोष्ट मला दर वर्षी एकदा तरी सांगायचे आणि दर वेळी तो डॉक्टर थोडा जास्त लठ्ठ होत जायचा.

त्या रागात त्यांनी तीन वर्षं कॅमेऱ्याला हात लावला नाही. रेडिओसाठी नाटकं लिहिली. मग पुन्हा कॅमेरा हातात घेतला, चांगलं नाव कमावलं, आणि लोकरीच्या एका जाहिरातीसाठी न्यूझीलंडच्या दक्षिण बेटावर आले. पावसामुळे तीन आठवडे मेंढ्यांचं काही शूट होईना. त्या तीन आठवड्यांत युनिटला जेवण घालणाऱ्या बाईशी त्यांचं जमलं, आणि परतीचं विमान त्यांच्याशिवाय गेलं. पुढची चाळीस वर्षं त्यांनी या देशात मिळेल ते केलं. लोण्याच्या जाहिराती केल्या, मुलांसाठी बाहुल्यांची मालिका केली, नर्सेसना पट्टी कशी बांधावी ते शिकवणाऱ्या फिल्म केल्या, हॉर्नबीतल्या एका शेडमध्ये बादल्या-बादल्यांनी खोटं रक्त ओतून भुताचा चित्रपटही शूट केला. सहा पटकथा लिहिल्या, त्यातल्या दोन पडद्यावर आल्या. दोन चित्रपट दिग्दर्शित केले. त्यातला एक कुणी पाहिलाच नाही, असं ते स्वतःच सांगत.

आणि सगळ्यांनी त्यांना एकच सल्ला दिला: एक काहीतरी धरा. अनुदानाच्या फॉर्मवर व्यवसायासाठी एकच ओळ असे. त्या ओळीत छायाचित्रकार, लेखक, दिग्दर्शक असे तीन शब्द बसत नसत, तर ते उरलेले समासात उभे लिहीत. एकदा कचेरीतून फॉर्म परत आला की एकाच शब्दात लिहा. त्यांनी त्याच फॉर्मवर तेच तीन शब्द पुन्हा लिहिले, या वेळी जाड पेननं, आणि परत पाठवला. तो फॉर्म मीच पोस्टात टाकला होता, त्यामुळे ही गोष्ट ऐकीव नाही.

त्यांची उजेड मोजायची एक पद्धत होती, आणि पुढचं सगळं तिच्यावरच आहे, म्हणून ती नीट सांगते. उजेड मोजायचं एक छोटं यंत्र असतं, मीटर. ते एका ठिपक्याएवढ्या जागेवर रोखायचं, मग त्या जागेवरून किती उजेड परत येतो ते कळतं. त्यावरून भिंगाचं तोंड किती उघडायचं ते ठरतं. बाकीचे लोक नटाच्या चेहऱ्याजवळ करड्या रंगाचा पुठ्ठा धरतात आणि त्याच्यावर मोजतात. म्हातारबुवांना पुठ्ठ्याचा तिटकारा होता. ते स्वतःचा तळवा चेहऱ्याशेजारी धरायचे, त्यावर मोजायचे, आणि तळवा पुठ्ठ्यापेक्षा उजळ म्हणून भिंग एक पायरी जास्त उघडायचे. पहिल्याच आठवड्यात मी विचारलं होतं, तुमचा तळवा गोरा, माझा कसा चालेल? त्यांनी दोन्ही तळवे शेजारी धरून मोजून दाखवले. आकडा एकच आला. वरून माणूस कितीही काळा-गोरा असो, ते म्हणाले, तळवे सगळ्यांचे जवळपास सारखेच असतात. मी हे घरी येऊन नवऱ्याला सांगितलं आणि आम्ही दोघं आमचे आणि लेकीचे चिमुकले तळवे टेबलावर मांडून बराच वेळ बघत बसलो.

मग त्यांचे डोळे गेले. म्हणजे पूर्ण अंधार नाही. दृष्टीचा मधला भाग हळूहळू पुसला गेला आणि कडा तेवढ्या राहिल्या. माणसाकडे बघायचं तर ते मान वळवून कोपऱ्यातून बघायचे, आणि समोरच्याला वाटायचं हे आपल्याला टाळताहेत. मीटरमधला बारीक आकडा दिसणं तर बंदच झालं. नेमक्या त्याच वर्षी त्यांनी लिहिलेल्या एका छोट्या चित्रपटाला निर्माता मिळाला. एका म्हाताऱ्याची दृष्टी जाते आहे, आणि रोज एक भारतीय नर्स त्याच्या घरी डोळ्यांत औषध घालायला येते, एवढीच गोष्ट. चित्रीकरण त्यांच्याच ओटाहुहूच्या घरात, तेही फिल्मवर, डिजिटलवर नाही. लिहिलेलं त्यांचं, दिग्दर्शनही त्यांचं. कॅमेरा कुणाचा, असं निर्मात्यानं विचारलं, तेव्हा त्यांनी मान वळवून कोपऱ्यातून माझ्याकडे बघितलं. तेरा वर्षं या देशात भाराभर चिंध्या गोळा केल्यावर मला पहिल्यांदा छायाचित्रकार म्हणून काम मिळालं. निर्माता माझ्याच वयाचा, इथलाच, गोड बोलणारा, कधी आवाज न चढवणारा माणूस. तो म्हणाला, "स्वीट ॲज," म्हणजे इथल्या बोलीत एकदम झकास. त्याचा चेहरा मात्र तसं म्हणत नव्हता.

नर्सच्या भूमिकेसाठी आम्ही खरीच नर्स घेतली. सोलापूरची, इथल्या रुग्णालयात पाच वर्षं काम करणारी, गडद सावळ्या रंगाची, हसली की घर भरणारी मुलगी. पहिल्याच भेटीत तिनं मला सांगितलं, "ताई, मी फोटोत दिसतच नाही बघा. गोऱ्या लोकांच्यात उभी राहिले की माझे नुसते दात येतात." मला ते चांगलंच माहीत होतं. इथल्या लग्नांत मी ते शंभरदा पाहिलं आहे. गोऱ्या चेहऱ्याला सांभाळून उजेड लावतात आणि शेजारचा आपला माणूस काळोखात जातो. मी तिला म्हटलं, या वेळी तू दिसशील. असं छातीठोकपणे बोलायची मला सवय आहे, आणि ती अनेकदा अंगाशी येते.

चित्रीकरण सोमवारी सुरू व्हायचं होतं आणि त्याच्या आधीच्या शनिवारी माझ्या नणंदेचं लग्न होतं. ती ख्राइस्टचर्चला फार्मसिस्ट आहे, पण लग्न ऑकलंडला, कारण आपले लोक इथे जास्त. सासूबाई खास त्यासाठीच पुन्हा आल्या होत्या. गुरुवारी त्यांनी मुख्य रस्त्यावरच्या आपल्या वाण्याकडून मेंदी आणली आणि सगळ्या बायकांना स्वतः लावायला बसल्या. मुली फोनवर अरबी नक्षी दाखवत होत्या, पण सासूबाईंना ती मान्य नाही. त्यांची मेंदी जुन्या पद्धतीची. बोटांची टोकं पूर्ण माखायची आणि तळव्याच्या मधोमध वाटीच्या बुडाएवढा भरीव गोल. वर लिंबू-साखरेचं पाणी, मग तव्यावर लवंगा टाकून त्यांचा धूर. "वहिनीला नको, तिला सोमवारी काम आहे," असं नणंद म्हणाली. सासूबाई म्हणाल्या, घरच्या लग्नात सुनेचे हात कोरे राहिले तर लोक मला नावं ठेवतील. मी हात पुढे केले. मेंदी अशी रंगली की काळपट दिसायला लागली, आणि सासूचा जीव किती आहे बघा म्हणून त्या ती सगळ्यांना दाखवत हिंडल्या.

सोमवारी सकाळी मी ओटाहुहूच्या त्या खोलीत, आठ वर्षं बघत आले होते तशी, डावा तळवा नर्सच्या गालाशेजारी धरला, उजव्या हातातला मीटर त्याच्यावर रोखला, आणि भिंग एक पायरी जास्त उघडलं. मीटरचा ठिपका सासूबाईंच्या त्या भरीव गोलाच्या बरोबर मधोमध बसत होता. मेंदीचा तळवा उजेड कमी परत देतो, त्यामुळे मीटर मला सांगत होता की खोलीत अंधार आहे, आणि मी भिंग हवं त्याहून कितीतरी उघडं ठेवत होते. नऊ दिवस मी हे केलं. माझ्या एकदाही लक्षात आलं नाही. म्हातारबुवांचे डोळे असते तर त्यांनी पहिल्याच शॉटला माझा हात धरला असता, पण त्यांना माझ्या तळव्याचा मधला भाग दिसणंच शक्य नव्हतं. दुसरा मीटर लावून पडताळायला हवं होतं, तेही घाईत मी केलं नाही. पद्धत आमची दोघांची होती, पण हात माझा होता.

नवव्या दिवसानंतर नर्सच्या ड्युटीसाठी आम्ही तीन आठवडे थांबलो. फिल्म धुवायला ऑस्ट्रेलियाला गेली होती. तिथल्या लॅबचं पत्र आलं: निगेटिव्हवर उजेड प्रमाणाबाहेर पडला आहे, पहिल्या दिवशी सगळ्यात जास्त, मग रोज थोडा कमी, नवव्या दिवशी जवळपास ठीक. निर्मात्यानं पत्र मला मोठ्यानं वाचून दाखवलं. भिंग बिघडलंय का ते तपासायला सांगितलं. ते मी अजूनही ज्या दुकानात काम करते तिथलंच होतं. मी दोन दिवस तपासलं, भिंग ठणठणीत होतं. रोज थोडी थोडी सुधारणारी चूक कोणती असू शकते, याच्यावर मी डोकं फोडत राहिले.

मग एका दुपारी नणंदेनं लग्नाचे फोटो पाठवले. तिच्या गालावर मी हळद लावते आहे असा एक फोटो होता. त्यात माझा तळवा कॅमेऱ्याकडे होता आणि त्याच्या मधोमध तो काळा गोल. मी हातातला चहाचा कप ओट्यावर ठेवला आणि स्वतःचा तळवा बघितला. मेंदी उतरून फिकट नारिंगी झाली होती. ती रोज थोडी थोडी उतरत गेली होती, आणि माझी चूक तिच्याबरोबर उतरत गेली होती.

गप्प राहिले असते तर कुणाला कळलं नसतं. भिंगावर खापर फोडता आलं असतं, लॅबवर फोडता आलं असतं. मी तशीच गाडी काढून ओटाहुहूला गेले आणि म्हातारबुवांना सांगितलं. त्यांना मेंदी म्हणजे काय तेच आधी समजावून सांगावं लागलं. समजल्यावर ते इतके हसले की ठसका लागला आणि मला पाणी आणावं लागलं. तुझ्या सासूबाईंनी माझी फिल्म शूट केली, ते म्हणाले. मग हसू ओसरल्यावर त्यांनी विचारलं, निर्मात्याला सांगायचं आहे? मी हो म्हटलं. त्यावर त्यांनी रिकामा पेला माझ्या हातात दिला आणि विषय बदलला, आणि ते मला तेव्हा खटकलं नाही.

त्या आठवड्यात रंग जुळवणाऱ्या माणसानं निगेटिव्ह यंत्रावर चढवलं आणि आम्हाला बोलावलं. फिल्मचं एक बरं असतं, तिच्यावर उजेड जास्त पडला तर ती बरंच पोटात घालते. त्यानं तो जादा उजेड खाली ओढला आणि पडद्यावर सोलापूरची ती मुलगी आली. तिच्या गालाची गोलाई, डोळ्यांखालचा रात्रपाळीचा थकवा, नाकाच्या शेंड्यावरची घामाची चमक, सगळं. शेजारचा, म्हाताऱ्याचं काम करणारा गोरा नट जरा फिका वाटत होता, तर वाटू दे. मी कितीतरी वर्षं हे चेहरे काळोखात जाताना बघत आले आहे, आता दोन मिनिटं दुसऱ्या कुणीतरी फिकं व्हावं. खिडकीसमोरचा एक प्रसंग मात्र गेला होता. पांढरे पडदे जादा उजेडानं जळून नुसता चुना झाला होता, आणि तो परत करावा लागणार हे मी तिथेच सांगितलं. नर्स माझ्या शेजारी बसली होती. ती म्हणाली, "ताई, यातलं थोडंसं आईला पाठवता येईल का? तिला वाटतं मी इकडे येऊन वाळले." मला भरून आलं, आणि ते मी लपवलं नाही.

दुसऱ्या दिवशी म्हातारबुवांच्या स्वयंपाकघरात आम्ही तिघं बसलो. ते, निर्माता आणि मी. मी मेंदीची सगळी हकीकत सांगितली. निर्मात्यानं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला की हे या टेबलाबाहेर जायला नको. चित्रं सुंदर आहेत. पण लॅबला माहीत आहे, रंगवाल्याला माहीत आहे, महोत्सवांमध्ये कुजबुज होणारच. म्हणून छायाचित्रणासाठी नाव म्हातारबुवांचं द्यावं. मला कॅमेरा चालक असा मान मिळेल.

"त्यांचं नाव असेल तर ही शैली आहे," तो म्हणाला. "तुझं नाव असेल तर ही चूक आहे."

तो वाईट माणूस नव्हता. जगाचा जो हिशोब आहे तो त्यानं मला साध्या भाषेत सांगितला होता. मी म्हातारबुवांकडे बघितलं, आता हे याला झाडतील म्हणून. त्यांनी मान वळवली नाही. टेबलाच्या कडेवरून बोट फिरवत राहिले. मग हळू आवाजात म्हणाले, ही माझी शेवटची फिल्म आहे. तिन्ही ठिकाणी माझंच नाव, असं एकदाही झालेलं नाही.

तेव्हा मला कळलं की त्यांनाही ते हवं होतं. ज्या माणसानं समासात उभे शब्द लिहिले, त्याला आयुष्यात एकदा ते तीन शब्द एकाखाली एक, पडद्यावर, स्वतःच्या नावासमोर हवे होते. याहून साधी इच्छा कोणती? मी आठ वर्षं त्यांची बॅग उचलली होती. ते माझ्या लेकीच्या प्रत्येक वाढदिवसाला येत आणि ती फुंकर मारते तो शॉट स्वतः घेत. दुसरं काहीही मागितलं असतं तर मी दिलं असतं.

"चूक माझी आहे," मी म्हटलं. "मग नावही माझंच लागेल."

निर्माता काहीतरी समजुतीचं बोलायला लागला. मी त्याला थांबवलं आणि म्हातारबुवांना म्हणाले, तुमच्या गुरूला ताप आला होता. तुमचे डोळे गेले. दोन्ही वेळी कॅमेऱ्यामागे दुसरंच कुणीतरी उभं होतं. तुम्ही ती गोष्ट मला दर वर्षी सांगत आलात ती कशाला, उलट बाजूनं पुन्हा करायला? बोलल्याचा पश्चात्ताप मला तेव्हा झाला नाही आणि आजही नाही. 'डोळे गेले' हे शब्द तेवढे त्यांच्या स्वयंपाकघरात बोलायला नको होते.

ते उठले, भिंतीला हात लावत आतल्या खोलीत गेले आणि दार लावून घेतलं. निर्माता मला गाडीपर्यंत सोडायला आला. गोड आवाजात म्हणाला की दुसऱ्या टप्प्यासाठी कुणी अनुभवी माणूस बघावा लागेल बहुधा, मी मनाला लावून घेऊ नये. मी म्हटलं, दुसऱ्या टप्प्याच्या पहिल्या दिवशी सकाळी सातला मी इथे असेन. मला थांबवायचं असेल तर तेव्हा दारात उभं राहा.

पुढचे दहा दिवस कुणाचाच फोन आला नाही. सासूबाई तोवर परत नाशिकला गेल्या होत्या. फोनवर त्यांना सगळं सांगितलं. मला वाटलं त्या म्हणतील, मोठ्यांपुढे असं बोलू नये. त्या म्हणाल्या, "माझ्या मेंदीनं ते चित्र उजळलं, आणि नाव त्या म्हाताऱ्याचं? ते काही नाही. तू जा." वर असंही म्हणाल्या की एका कामाला एवढं चिकटलेलं मी तुला पहिल्यांदाच बघते आहे. माझ्या सासूकडून याहून मोठी शाबासकी मिळणं अवघड आहे.

ठरलेल्या दिवशी मी पावणेसातलाच पोचले. घराच्या पायरीवर म्हातारबुवा कोट घालून बसले होते. निर्माता कुठे दिसत नव्हता. मी समोर जाऊन उभी राहिले. त्यांनी मान वळवून, कोपऱ्यातून, नीट बघून घेतलं की मीच आहे. मग त्यांनी उजवा हात पुढे केला, तळवा वर करून. मला आधी वाटलं उठायला आधार मागताहेत.

"मोज," ते म्हणाले. "माझ्या हातावर मेंदी नाही."

मी खिशातून मीटर काढला आणि त्या पायरीवर, सकाळच्या उन्हात, त्यांच्या तळव्यावर मोजलं. मग माझ्या तळव्यावर मोजलं. माझी मेंदी पुरती उतरली होती आणि आकडा पुन्हा एक आला. तो त्यांना सांगितला. ते म्हणाले, निर्मात्याला पत्र पाठवलं आहे, तीन ओळींचं, शेजारणीकडून लिहून घेऊन. काय लिहिलं ते त्यांनी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही. पुढचे सहा दिवस प्रत्येक शॉटच्या आधी ते काठी टेकत, नटांच्या खुर्च्यांना धडकत यायचे आणि चेहऱ्याशेजारी आपला हात धरून उभे राहायचे. मी मोजलं की बाजूला व्हायचे. त्यांना त्याची गरज नव्हती आणि मलाही नव्हती. जळलेल्या पडद्यांचा प्रसंग आम्ही तिसऱ्या दिवशी पुन्हा केला, आणि खरं सांगायचं तर पहिला जास्त चांगला होता.

चित्रपट पहिल्यांदा दाखवला तो शहरातल्या एका लहानशा थिएटरात. म्हातारबुवा माझ्या डाव्या बाजूला, मान वळवून, म्हणजे त्यांचं तोंड पूर्ण वेळ माझ्याकडे आणि नजरेची कड पडद्याकडे. आमच्या बरोबर मागच्या रांगेत निर्माता, आणि त्याच्याबरोबर महोत्सवांची कोण कोण माणसं. चित्रपट संपला. काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं सुरू झाली. ती त्यांना वाचता येत नव्हती.

काय लिहिलंय, त्यांनी विचारलं. मी त्यांच्या कानाशी वाकून सांगितलं, लेखन आणि दिग्दर्शन, आणि त्यांचं नाव. पुढे? छायाचित्रण. पुढे, त्यांनी पुन्हा विचारलं. मी माझं नाव सांगितलं. स्वतःचं नाव अंधारात स्वतःच सांगायला लाज वाटते, म्हणून जरा पुटपुटलेच.

"ऐकू आलं नाही," ते म्हणाले. "मागच्या रांगेलाही आलं नसेल. मोठ्यानं वाच."

पडद्यावर दोनच शब्द होते. मी तीन वाचले, शाळेच्या हजेरीत घेतात तसं, माझं, वडिलांचं आणि आडनाव, खणखणीत. पुढच्या रांगेतली एक बाई मागे वळून शूः म्हणाली. मी पुन्हा वाचलं.